सव्वा मूठ गहू

आबा, तुमचा लाल मुठीचा छोटा पेचकस अजून माझ्याकडेच आहे. स्टुडिओ गेला, बागेचं चित्र असलेला पडदा गेला, पासपोर्ट फोटोचं गोल फिरणारं स्टूल भंगारवाला घेऊन गेला, पण पेचकस कसा कोण जाणे राहिला. आता त्याला काही काम नाही. व्हिडिओ कॅसेट कुणी बघत नाही, तर तिची पट्टी कोण तोडतंय? तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली की तुमच्या वयाची होऊन मी पुढे निघून आले. तुमची आठवण येते म्हणून लिहायला बसले असं समजू नका, उगाच गैरसमज नको. आठवण यावी असं फार काही तुम्ही केलं नाहीत, आणि जे केलंत ते मी चाळीस मिनिटांच्या फिल्ममध्ये घालून गावोगाव दाखवलं. जळगाव, भुसावळ, चोपडा, धरणगाव, जिथे टीव्ही ठेवायला टेबल मिळालं तिथे तुमची बदनामी केली. तुमच्यामागे हे झालं, तुम्हाला कुणी सांगितलं नसणार. म्हणून मीच सांगते.

तुम्ही व्हिडिओ कॅमेरा आणलात तेव्हा मी एकोणीस वर्षांची होते. धुळ्यात तेव्हा मोजक्यांकडे तसला कॅमेरा होता. तुम्ही त्याला हळदकुंकू वाहिलंत, नारळ फोडलात आणि चार दिवसांत तुमच्या लक्षात आलं की नवरीच्या हळदीच्या खोलीत, बांगड्या भरताना, न्हाऊ घालताना पुरुषाला कॅमेरा घेऊन शिरता येत नाही. नाहीतर तुम्ही कशाला माझ्या हातात कॅमेरा देताय! बायकांची खोली माझी, मांडव तुमचा, अशी वाटणी झाली. पहिल्याच महिन्यात मी चोपड्याच्या केळीवाल्यांकडच्या एका लग्नाची पट्टी तोडायला विसरले. कॅसेटच्या पाठीवर ती नखाएवढी प्लॅस्टिकची पट्टी असते. ती तोडली की त्या कॅसेटवर दुसरं काही टेप होत नाही. मी तोडली नव्हती, तुम्ही कोरी समजून तीच कॅसेट घातलीत आणि केळीवाल्यांच्या लग्नावर कुणाचा तरी साखरपुडा चढला. तुम्ही स्टुडिओत गिऱ्हाइकांसमोर माझ्या मुस्काटात मारलीत. "लोकांचं लग्न एकदाच होतं. तू ते पुसून टाकलंस. अक्कल गहाण ठेवलीस का?" तुम्ही घरात आमच्यासारखी अहिराणी बोलायचात, पण राग आला की एकदम पुस्तकातली मराठी सुरू व्हायची. तुमच्या तोंडून 'पुसून टाकलंस' असं शुद्ध आलं की समजायचं, आता खरं नाही.

दुसऱ्या दिवशी तुम्ही कागदाच्या पुडीतून हा पेचकस दिलात. "शूटिंग झालं की आधी पट्टी, मग पाणी." एवढंच बोललात. माझ्या आयुष्यात तुम्ही स्वतःहून आणून दिलेली ही एकच वस्तू. मला तेव्हा केवढा आनंद झाला होता, सांगायची लाज वाटते. त्याच आठवड्यात तुम्ही मला दुसरी युक्तीही शिकवलीत: कोरी कॅसेट कमी पडली आणि जुनी वापरायची वेळ आली, तर तुटलेल्या पट्टीच्या भोकावर चिकटपट्टी लावायची. मशीनला वाटतं पट्टी शाबूत आहे. "पण माझ्या परवानगीशिवाय नाही," असं बजावलंत.

आता धाकटीबद्दल. मी तिला 'ती'च म्हणणार आहे. तुम्हाला चालो न चालो, तुम्हाला आता थोबाडीत मारता येत नाही. तुमच्या लेखी तो तुमचा एकुलता एक मुलगा होता. ती चौदा वर्षांची होती, नववीत. तुम्ही ऑर्डरला बाहेर गेलात की माझ्या बांगड्या घालायची, मायची जुनी साडी कमरेला गुंडाळून चूल पुसायची. माय बघायची आणि तोंड फिरवायची. मी बघायचे आणि हसायचे. गल्लीतली पोरं तिच्यामागे 'बायल्या' म्हणून ओरडत, ते तुमच्या कानावर जात होतं. तुम्ही स्टुडिओचं दार ओढून घ्यायचात. आज अशा मुलांसाठी बरे शब्द आहेत, पेपरात येतात. तेव्हा आपल्या गल्लीत तो एकच शब्द होता आणि तिने स्वतःसाठी दुसरा शोधायच्या आधीच कानबाईचा सण आला.

श्रावणातला तो शनिवार. दुसऱ्या दिवशी घरात कानबाई देवी बसणार म्हणून नैवेद्याच्या रोटांचं दळण काढायचं होतं. आपल्या घरची रीत अशी की घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावाने सव्वा मूठ गहू घ्यायचे. म्हातारा असो की पाळण्यातला, पुरुष म्हटला की त्याची मूठ. बायकांची नाही, पोरींची नाही. दुपारची वेळ, माय स्वयंपाकघरात सूप घेऊन बसलेली, काका आणि काकांचा मुलगा पाटावर. तुम्ही म्हणालात, "घरची पण एक कॅसेट होऊ दे," आणि मी दारात उभी राहून शूटिंग करत होते. मायने तुमचं नाव घेतलं, मूठ टाकली. काकांचं घेतलं, टाकली. त्यांच्या मुलाचं घेतलं, टाकली. मग धाकटीचं, म्हणजे तुम्ही ठेवलेलं ते नाव घेतलं आणि गव्हात हात घातला, तोच ती कोपऱ्यातून म्हणाली, "माय, मना नावनी मूठ लेऊ नको. ताईनी कोठे लेतस? मंग मनी बी नको."

किती साधं बोलली होती! भाजीत मीठ नको म्हणावं तशी. माय म्हणाली, "येडं शे का तू? घरना माणूससनी मूठ लेनीच पडस." तेव्हा ती म्हणाली, "मी तसा माणूस नही शे, माय." आणि मग खोलीत हसू फुटलं. काका हसले, त्यांचा मुलगा पाटावरून लोळायचा बाकी राहिला, मायसुद्धा पदर तोंडाला लावून हसली, घाबरून हसतात तशी. तुम्ही तेवढे हसला नाहीत. तुमचा चेहरा मी कॅमेऱ्याच्या काचेतून बघत होते, तो आधी नुसता गोंधळलेला होता. हसणं वाढलं तसा तो बदलत गेला. मग तुम्ही उठलात, माझ्या खांद्यावरचा कॅमेरा बंद केलात, कॅसेट काढून घेतलीत आणि पुस्तकातल्या मराठीत म्हणालात, "ठीक आहे. याच्या नावाची मूठ घेऊ नका." कॅसेट घेऊन तुम्ही स्टुडिओत निघून गेलात.

आम्हाला वाटलं, वादळ टळलं. तुम्ही किती पुढचा विचार करून ठेवला होता ते दुसऱ्या दिवशी कळलं. कानबाईची आरती झाली, देवी म्हणून मांडलेल्या नारळाला नथ घातलेली, सगळ्यांची पानं मांडली. धाकटी माझ्या शेजारी बसली. तुम्ही तिच्यापुढचं पान हाताने उचललंत. म्हणालात, "पोरींची मूठ नसते, पण पोरींना रोट मिळतो. पोरांची मूठ असते, म्हणून पोरांना रोट मिळतो. तुझी मूठ नाही आणि तू पोरगीही नाहीस. तू कुठे बसणार?" एवढ्या शांतपणे बोललात की काकांचाही घास थांबला. ती उठून दारापाशी उभी राहिली. आत यावं की बाहेर जावं, हे तिला कळेना. रोट घरच्या माणसांनीच संपवायचा असतो, बाहेरच्याला द्यायचा नसतो. सगळे खात होते आणि ती उंबऱ्यावर उभी राहून बघत होती. मीही खाल्ला. दोनदा वाढून घेतला, कारण तुम्ही माझ्याकडे बघत होता.

पुढचं सगळं तुम्हाला ठाऊक आहे, तरी वाचून दाखवते, कारण लोकांना मी असंच वाचून दाखवायचे. तुम्ही न्हाव्याला स्टुडिओत बोलावलंत, तिला पासपोर्टच्या स्टुलावर बसवून चकोट केलंत आणि वर त्याच अवस्थेत तिचा फोटो काढलात, "शाळेच्या फॉर्मला लागेल" म्हणून. तो फोटो फिल्ममध्ये आहे. ती दोन वर्षं गप्प राहिली. मग दहावीच्या सुट्टीत तुम्ही ऑर्डरला गेलेले असताना तिने माझी साडी नेसून, बागेच्या पडद्यापुढे उभं राहून, टायमर लावून स्वतःचा एक फोटो काढला. एकच. रोल तुम्ही धुतलात. डार्करूमच्या ट्रेमध्ये तुमच्या डोळ्यांपुढे ती हळूहळू उमटली असणार, आधी साडीची किनार, मग चेहरा. तुम्ही ओला कागद हातात घेऊन बाहेर आलात, पाणी टपकत होतं. तुम्ही मारलं नाहीत. भर दुपारी तिला घेऊन एसटी स्टँडवर गेलात, सुरतचं तिकीट काढून तिच्या हातात दिलंत आणि बस हलेपर्यंत उभे राहिलात. सुरतेला आपलं कुणी नव्हतं. कुत्र्याच्या पिल्लाला गावाबाहेर सोडतानासुद्धा माणूस पाणी जवळ असेल असं बघतो, आबा.

आणि मग ती कुंडी! घरच्या सगळ्यांचा जो फोटो शोकेसमध्ये होता, त्यात ती मायच्या पुढे उभी होती, मायचा हात तिच्या खांद्यावर. तुम्ही तीन दुपारी भिंग लावून बसलात, बारीक ब्रशने तिला घालवलंत आणि तिच्या जागी क्रोटनची उंच कुंडी काढलीत. मग त्याचा पुन्हा फोटो काढून शोकेसमध्ये लावलात. हात कसबी होता तुमचा, त्यात वाद नाही. फक्त मायचा हात काही तुम्हाला काढता आला नाही. त्या फोटोत माय कुंडीच्या काठावर हात ठेवून उभी आहे. माय रोज स्टुडिओत तुमचा डबा घेऊन यायची आणि शोकेसकडे न बघता आत शिरायची.

तीन वर्षांनी तुमची डावी बाजू गेली. तुम्ही खाटेवर, स्टुडिओ माझ्या अंगावर. माझं लग्न जमवायचं तुमच्या अंगात त्राण नव्हतं आणि मला ते बरंच होतं. धाकटीची पत्रं माझ्या नावाने स्टुडिओच्या पत्त्यावर यायची. ती साड्यांवर टिकल्या लावायच्या कामाला लागली होती. प्रत्येक पत्राच्या शेवटी एकच विचारायची, आबांनी काही म्हटलं का? घरी येऊ का? मी दर आठवड्याला तुमच्याशी भांडायचे. बोलवा तिला, म्हणायचे. तुम्ही भिंतीकडे तोंड करायचात.

मग ती दुपार. लाइट गेलेली, मी पंख्याने वारा घालत होते. तुम्ही आपणहून बोललात, जड जिभेने, आणि अहिराणीत. म्हणालात, कानबाईची ती कॅसेट लाव, मला बघायची आहे. तो नेमकं काय म्हणाला होता, मला काही आठवत नाही. मला हसणं तेवढं आठवतं. सगळे हसले आणि माझं डोकं फिरलं. नुसतं बोलणं असतं तर मी ऐकूनही घेतलं असतं. एकदा नीट ऐकू दे. मग बोलव त्याला. हे सगळं तुम्ही एका दमात नाही बोललात, अर्धा तास लागला. शेवटी तुम्ही विचारलंत, "पहिले कोन हासनं व्हतं?"

मी म्हटलं, "काका."

तुम्ही मान हलवलीत. म्हणालात, "लाव कॅसेट." मी म्हटलं, ती कॅसेट नाही आता. ती धरणगावच्या लग्नात पुसली गेली. तुम्हीच घातली होती कॅमेऱ्यात. तुम्ही माझ्याकडे बघत राहिलात. "मी? मी पट्टी तोडी व्हती ना?" मी म्हटलं, "नाही, आबा. राहून गेली तुमच्याकडून." तुम्ही चांगला उजवा हात वर घेतलात आणि अंगठ्याकडे बघितलंत, जणू त्यालाच विचारत होतात. आयुष्यात एकदाही पट्टी न विसरलेला माणूस. मग तुम्ही भिंतीकडे वळलात. लाइट आली, पंखा सुरू झाला, मी चहा टाकायला उठले. तिला बोलवायचं तुम्ही परत काढलं नाहीत, आणि पंधरवड्यात गेलात.

ती चौथ्या दिवशी आली, साडी नेसून, केस विंचरून, एका हातात पिशवी. काकांनी तिला उंबरा ओलांडू दिला नाही. माय रडत होती, पण तिनेही चहा कपात दिला नाही, दारावर येणाऱ्यांसाठी ठेवलेल्या गिलासात दिला. धाकटी ओट्यावर बसून तो प्यायली, गिलास धुऊन पालथा घातला आणि गेली. मी तिच्यासोबत स्टँडपर्यंत गेले. तिने विचारलं, "आबा काही बोलनात का मनाबद्दल?" मी म्हटलं, नाही.

फिल्म कशी झाली ते सांगते. जळगावच्या कॉलेजात शिकवणाऱ्या एक बाई भाचीच्या लग्नाची कॅसेट न्यायला आल्या होत्या. शोकेसपुढे उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "या बाईंनी कुंडीवर हात का ठेवलाय? इथे कोण होतं?" इतक्या वर्षांत हा प्रश्न विचारणारं पहिलं माणूस. मी तिथेच, गिऱ्हाइकं ताटकळत ठेवून, सगळं सांगितलं. बाईंना तशी आणखी घरं माहीत होती. पोरं घरातून पळालेली, नाहीतर हाकललेली, आईबाप तोंड लपवून बसलेले. त्या म्हणाल्या, आपण भाषणं करून काही व्हायचं नाही, लोक टीव्हीसमोर मात्र गप्प बसतात. मग लग्नाच्याच कॅमेऱ्यावर, लग्नसराई नसेल तेव्हा, मी ती फिल्म काढली. कॅसेटची दोन मशीनं जोडून तुकडे जुळवले. टीव्ही आणि मशीन गोधडीत गुंडाळून आम्ही दोघी एसटीने फिरायचो. महिला मंडळाची खोली, शाळेचा हॉल, एकदा तर पिठाच्या गिरणीच्या ओट्यावर. आईबाप मागच्या रांगेत, दारापाशी बसायचे, लगेच उठून जाता यावं म्हणून.

फिल्ममध्ये कुंडीचा फोटो येतो तेव्हा माझा आवाज आहे. मी म्हणते, "त्या दिवशी ती काय म्हणाली, ते सांगणारी एकच कॅसेट होती. ती माझ्या वडिलांनी पुसली." या वाक्याला हॉलमध्ये चुकचुकण्याचा आवाज हमखास यायचा. बायका डोळ्यांना पदर लावायच्या. मला सवय झाली होती, त्या आवाजाची मी वाट बघायचे.

भुसावळला दीपनगरच्या कॉलनीतले एक गृहस्थ आले होते, पॉवर स्टेशनात फिटर. भांडायलाच आले होते. त्यांनी आपलं लेकरू चोपड्याला मेहुण्याकडे डांबून ठेवलं होतं, दार बाहेरून बंद. फिल्म संपल्यावर ते उभे राहिले. आता शिव्या देणार म्हणून बाई पुढे सरसावल्या. त्यांनी मला एवढंच विचारलं, "ताई, तुमच्या वडिलांनी नंतर कधी ती कॅसेट मागितली का? एकदा तरी बघू दे म्हणाले का?"

हॉलमध्ये साठेक माणसं होती. मी म्हटलं, "नाही. कधीच नाही. मरेपर्यंत नाही."

तो माणूस मटकन खाली बसला आणि मोठमोठ्याने रडायला लागला. "मी एवढा वाईट नाही हो," म्हणत होता, "मी एवढा वाईट नाही." त्याच दिवशी चोपड्याची बस धरून तो गेला आणि लेकराला घरी घेऊन आला. ती पोर आता नोकरीला आहे, दिवाळीला न चुकता फोन करते. एक जीव वाचला, आबा, आणि तो तुम्हाला आणखी काळं फासून वाचला. मला वाईट वाटलं नाही. घरी येताना एसटीत मी पोटभर भजी खाल्ली.

आता राहिलं ते सांगते. फिल्मसाठी मी सुरतेला गेले होते. धाकटीने तोंड दाखवायला नकार दिला, हात दाखवते म्हणाली. साडीवर टिकल्या लावणारे तिचे हात फिल्मभर आहेत. मी तिला म्हटलं, कॅसेट तर पुसली गेली, तेव्हा काय म्हणाली होतीस ते एकदा माझ्यासाठी परत म्हण. तिने सुई बाजूला ठेवली. मी कॅमेरा सुरू केला. बोलायच्या आधी ती म्हणाली, "आते हासू नको हां, ताई."

मग तिने ते वाक्य म्हटलं, मूठ नको, ताईची कुठे घेता. चांगलं म्हटलं. हसू नको हे मी जुळवताना कापलं. तिने फिल्म दोनदा पाहिली, एकदा जळगावात सगळ्यांसोबत आणि एकदा माझ्या घरी, आणि कुठे काय कापलंय ते विचारलं नाही. तुम्ही कॅसेट पुसलीत हे वाक्य तिच्या कानांवर पडलं तेव्हा मी तिच्याकडे बघत होते. ती आपल्या नखांकडे बघत होती.

आबा, ती कॅसेट मी कानबाई बोळवल्यावर, सोमवारी, एकटी असताना लावली होती. स्टुडिओतल्या फळीवर सापडली. कॅमेऱ्याचा माइक कॅमेऱ्यावरच असतो, तुम्हाला वेगळं सांगायला नको. जो शूटिंग करतो त्याचाच आवाज सगळ्यात मोठा येतो. धाकटी म्हणते, "मी तसा माणूस नही शे," आणि वाक्य पुरतं संपायच्या आत एक हसणं येतं, इतकं जवळून की तिचा शेवटचा शब्द त्यात बुडतो. ते माझं. एकटीचं, बाकी सगळे गप्प असताना. त्यानंतर काका, मग त्यांचा मुलगा, मग माय. आणि धाकटी मान वर करते. तुमच्याकडे बघत नाही, काकांकडे बघत नाही. सरळ कॅमेऱ्याच्या काचेत बघते. मी ते तीनदा मागे घेऊन पाहिलं.

तुळशीच्या लग्नानंतर सराई सुरू झाली आणि धरणगावच्या लग्नाला कोऱ्या कॅसेटी कमी पडल्या. तुम्ही मांडवातून ओरडलात, "अजून एक दे!" मी तुम्हाला डबीतून काढून एक दिली. ते लग्न त्या कॅसेटवर चढलं. त्यांना तुम्ही नवी नक्कल करून दिलीत आणि ही आपल्याकडेच राहिली. अजून आहे. आता हे कागद तिच्याच डबीत घालून ठेवणार आहे, दुसरीकडे पाठवायला तुमचा पत्ता कुठे आहे? फिल्ममधलं वाक्य मी बदललेलं नाही आणि बदलणारही नाही. चोपड्याच्या त्या बंद दाराला ते उपयोगी पडलं, आणि शिवाय तुम्ही कुंडी काढलीच होती.

पण एक गोष्ट तुमची तुम्हाला परत करते. सोमवारी कॅसेट सापडली तेव्हा तिच्या डबीवर तुमच्या अक्षरात लिहिलं होतं, 'कानबाई, घरची'. एवढ्या रागात उठून गेला होतात, तरी पट्टी तुम्ही तोडली होती, आबा. चिकटपट्टी मी लावली.